लाल महालावरील छापा : एक अभ्यासपाठ

शनिवार पेठेंत राहणाऱ्या आमच्या विद्यार्थ्यांस लाल महाल कोठें आहे हें सांगण्याची आवश्यकता नाहीं. शनिवारवाड्याची तटबंदी मागें टाकून कसब्याच्या बाजूस चालूं लागलें म्हणजे थोड्याच पावलांवर ती वास्तु लागते. आमच्यापैकीं कित्येक जण तिच्यावरून रोज जातात. परंतु तेथें काय घडलें असें विचारलें असतां बहुतेकांकडून 'महाराजांनीं शाइस्तेखानाचीं बोटें तोडलीं' एवढें एकच वाक्य ऐकूं येतें. वाक्य खोटें नाहीं. परंतु तें फार अपुरें आहे. शत्रूचा मुख्य सेनापति, त्याच्या सभोंवार हजारोंची फौज, जागोजाग चौक्या व पहारे. आणि अशा ठिकाणीं मूठभर माणसें शिरतात, आपलें काम उरकतात व परत येतात, हें घडलें कसें, या प्रश्नाचें उत्तर त्या वाक्यांत नाहीं. 'चमत्कार झाला' म्हणून मोकळें होणें सोपें आहे. परंतु चमत्कारापासून शिकतां कांहीं येत नाहीं. ज्या गोष्टीचीं कारणें सांगतां येतात तिच्यापासूनच शिकतां येतें. म्हणून त्या रात्रीच्या कारणांचा शोध घेणें हा प्रस्तुत पाठाचा हेतु आहे.

आरंभीं एक खुलासा केला पाहिजे. आज जी इमारत लाल महाल म्हणून उभी आहे ती जुनी नव्हे. मूळ वाडा कालौघांत नष्ट झाला. सध्यांची वास्तु पुणें महानगरपालिकेनें उभारिली असून ती १९८८ सालीं पुरी झाली. शनिवारवाड्याचा पायाही १७३० सालीं घातला गेला, म्हणजे या छाप्यानंतर ६७ वर्षांनीं. तेव्हां वाचकांनीं डोळ्यांपुढें आणावयाचें पुणें आजचें नव्हे. मुठेच्या कांठचा एक लहानसा कसबा, त्यांत शहाजीराजांच्या जहागिरीचा वाडा, आणि भोंवतालच्या मैदानांत पसरलेली मोगलांची तंबूंची नगरी, असें तें चित्र आहे.

१. प्रसंग कसा उद्भवला

शाइस्तेखान हा औरंगजेब बादशहाचा मामा. मुमताज महालचा भाऊ. दख्खनच्या सुभ्यावर त्याची नेमणूक झाली आणि १६६० च्या मे महिन्यांत तो मोठ्या फौजेनिशीं पुण्यास येऊन उतरला. त्याच वर्षीं त्यानें चाकणच्या भुईकोट किल्ल्यास वेढा घातला. फिरंगोजी नरसाळा यांनीं तो लहानसा किल्ला सुमारें दोन महिने झुंजविला. अखेर सुरुंगानें एक बुरूज उडाला आणि ऑगस्टांत किल्ला पडला. पुढें १६६१ च्या फेब्रुवारींत खानाचा सरदार कारतलबखान कोंकणांत उतरत असतां महाराजांनीं उंबरखिंडींत त्याची वाट रोखून त्यास शरण यावयास लाविलें. तथापि मूळ संकट टळलें नाहीं. खान पुण्यांतच राहिला, आणि एकदोन नव्हे, जवळजवळ तीन वर्षें राहिला.

परकी फौज एखाद्या प्रांतांत तीन वर्षें राहते याचा अर्थ आमच्या बालवाचकांनीं समजून घ्यावा. हजारों घोड्यांस वैरण लागते, हजारों माणसांस धान्य लागतें, आणि तें सर्व त्याच मुलखांतून उचललें जातें. लढाई न होतांही रयत पिळून निघते. उघड्या मैदानांत एवढ्या फौजेशीं सामना देणें महाराजांस शक्य नव्हतें. किल्ल्यांत बसून राहावें तर पायथ्याचीं गांवें उजाड होत. दोन्ही वाटा अशा बंद झाल्या म्हणजे तिसरी शोधावी लागते. फौज हलवितां येत नसेल तर फौजेचा मुख्य हलवावा, ही ती तिसरी वाट होय.

२. साधनें कोणतीं

त्या रात्रीची हकीगत आपणांस मुख्यतः तीन ठिकाणीं मिळते. पहिलें साधन इंग्रजांचें. राजापूरच्या वखारीशीं संबंध असलेला गिफर्ड नांवाचा इंग्रज व्यापारी १२ एप्रिल १६६३ रोजीं, म्हणजे प्रसंगानंतर अवघ्या आठवड्यानें, सुरतेस पत्र लिहितो. आणि महाराजांनीं स्वतः रावजी सोमनाथ यांस पाठविलेल्या पत्राच्या आधारें ही वार्ता कळवितो. दुसरें साधन कृष्णाजी अनंत सभासद याची बखर. ती राजाराममहाराजांच्या काळीं जिंजी येथें लिहिली गेली. तिसरें साधन मोगलांच्या बाजूचें, खाफीखानाचा फारसी इतिहासग्रंथ. तो अठराव्या शतकांतील आहे.

हीं तीन साधनें सर्वस्वीं जुळत नाहींत. इंग्रज पत्रांत खानाच्या तंबूचा उल्लेख आहे. खाफीखान म्हणतो कीं खान शिवाजीनेंच बांधलेल्या घरांत उतरला होता. सभासदाच्या बखरींत खानाचीं तीन बोटें तुटल्याचें आहे. खाफीखानाच्या मतें आंगठा तुटला. आणि इंग्रज पत्रांत केवळ खान जखमी झाल्याचें सांगितलें आहे. अशा वेळीं विद्यार्थ्यांनीं गोंधळून जाण्याचें कारण नाहीं. न्यायाधीशापुढें तीन साक्षीदार येतात तेव्हां तिघांचें बोलणें अक्षरशः एक असलें तरच उलट संशय येतो. मुख्य गोष्टींत एकवाक्यता व बारीकसारीक गोष्टींत भेद, हें खऱ्या साक्षीचें लक्षण समजावें. महाराज स्वतः गेले, रात्रीं गेले, थोड्या लोकांनिशीं गेले, खान जखमी झाला पण वांचला, त्याचा पुत्र मारला गेला, आणि महाराज सुखरूप परतले, याविषयीं वाद नाहीं.

३. त्या रात्रीं काय घडलें

दिवस ५ एप्रिल १६६३. चैत्र शुद्ध अष्टमी, शके १५८५. मुसलमानांचा रमजान महिना चालू होता. या दोन्ही गोष्टींस महत्त्व आहे. रमजानांत दिवसभर उपवास व सूर्यास्तानंतर भोजन, म्हणून पूर्वरात्रीनंतर छावणींत सुस्ती पसरलेली असे. आणि पहाटेच्या भोजनाच्या तयारीसाठीं मुदपाकखान्यांत कांहीं माणसें मात्र जागीं असत. तसेंच अष्टमीचा चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास मावळतो. म्हणजे वाट चालण्यास अर्धें चांदणें आणि कामाच्या वेळीं पूर्ण काळोख. तिथि कोणत्याही विचारानें ठरली असो, तिचा लाभ मिळाला हें उघड आहे.

इंग्रज पत्राप्रमाणें महाराजांबरोबर ४०० निवडक माणसें होतीं. बखरीच्या परंपरेप्रमाणें नेताजी पालकर व मोरोपंत हे फौज घेऊन छावणीच्या बाहेर दोन बाजूंस उभे होते, आणि आंत जाणाऱ्या तुकडींत बाबाजी बापूजी व चिमणाजी बापूजी हे बंधु महाराजांसमवेत होते. छावणींत प्रवेश कसा मिळाला याविषयीं दोन हकीगती आहेत. बखरीच्या सांगण्याप्रमाणें, पहारेकऱ्यांनीं हटकतां 'आम्ही याच लष्करांतले, चौकीवरून आलों' अशा आशयाचें उत्तर दिलें गेलें. खानाच्या फौजेंत दख्खनी शिपाई होतेच. त्यामुळें मराठी बोलणारा मनुष्य दिसला म्हणून कोणी चमकण्याचें कारण नव्हतें. खाफीखान निराळें सांगतो. परवान्यावांचून कोणास, विशेषतः मराठ्यांस, गांवांत शिरूं देऊं नये असा खानाचा हुकूम होता. म्हणून कोतवालाकडून लग्नाच्या वऱ्हाडाचा परवाना काढण्यांत आला. कांहीं माणसें वाजतगाजत वऱ्हाडी म्हणून शिरलीं, आणि दुसरी एक टोळी 'पकडून आणलेले कैदी' म्हणून आंत नेण्यांत आली. यांपैकीं कोणतीही हकीगत घेतली तरी तत्त्व एकच दिसतें. भिंत फोडून नव्हे, तर पहारेकऱ्याच्या संवयीचा उपयोग करून ही माणसें आंत गेलीं. जें रोज दिसतें त्याकडे पहारेकरी निरखून पाहत नाहीं.

पुढील तपशील मुख्यतः खाफीखानाचा आहे. मध्यरात्र उलटल्यावर ही तुकडी वाड्याच्या मुदपाकखान्याशीं आली. जे आचारी जागे होते त्यांस आवाज करूं न देतां मारण्यांत आलें. मुदपाकखाना व जनानखाना यांमध्यें पूर्वीं एक दार होतें. तें विटांनीं बुजविलें होतें. तेथें कुदळी चालूं लागल्या. भिंतीपलीकडे निजलेल्या एका नोकराच्या कानीं तो आवाज गेला व त्यानें धन्यास जाऊन सांगितलें. परंतु आचारी कामास उठले असतील, असें म्हणून खानानें त्यासच दटाविलें. मग दासी धांवत आल्या व भिंतीस भोंक पडत आहे म्हणूं लागल्या. तोंपर्यंत वेळ निघून गेली होती.

आंत एकच धुमाळी उडाली. खानानें शस्त्र हातीं घेतलें. एक मराठा अगदीं अंगावर आला व त्याच्या वारानें खानाचा हात तुटतां तुटतां वांचला, बोटांवर निभावलें. काळोखांत दोन मराठे पाण्याच्या हौदांत पडले. त्या गोंधळांत दोन दासींनीं खानाचे हात धरून त्यास ओढीत सुरक्षित जागीं नेलें. बाहेरच्या बाजूस दुसऱ्या टोळीनें चौकीवरच्या पहारेकऱ्यांस अंथरुणांतच गांठलें. आणि कांहीं जण नगारखान्यांत शिरून खानाच्याच नांवानें नगारे वाजविण्याचा हुकूम देते झाले. नगाऱ्यांच्या त्या कल्लोळांत कोणाचें कोणास ऐकूं येईना, हांकही पोहोंचेना. खानाचा तरुण पुत्र अबुल फतह बापाच्या मदतीस सर्वांआधीं धांवला, दोघांतिघांस लोळवून स्वतः पडला. दुसरा एक वृद्ध सरदार खिडकींतून दोराच्या शिडीनें उतरत असतां खान समजून मारला गेला. आणि मग, जितक्या अचानक आले तितक्याच अचानक, छापा घालणारे निघून गेले. इंग्रज पत्राप्रमाणें त्यांचीं ६ माणसें कामास आलीं व ४० जखमी झालीं.

४. यशाचीं कारणें

या सर्व हकीगतींतून कारणें निवडावयाचीं तर तीं पांच दिसतात.

पहिलें कारण, जागेची माहिती. खान ज्या वाड्यांत राहिला तो महाराजांच्या बाळपणाचा वाडा. कोणत्या चौकांतून कोठें जातां येतें, मुदपाकखाना कोठें, मागील अंग कोणतें, हें त्यांस नकाशावरून शिकावयाचें नव्हतें. खान तेथें सत्ताधीश असूनही पाहुणाच होता. आणि अंधारांत पाहुणा चांचपडतो, घरधनी चांचपडत नाहीं. खानानें दार बुजविलें खरें, परंतु येथें दार होतें हें ज्यास ठाऊक आहे त्याच्यापुढें विटांची भिंत ही निवळ पातळ जागा ठरते.

दुसरें, संख्येचा संयम. अधिक माणसें नेणें म्हणजे अधिक बळ, असा सामान्य समज असतो. येथें त्याच्या उलट होतें. चारशें माणसें छावणींत मिसळून जातात. चार हजार मिसळत नाहींत.

तिसरें, कामाची वांटणी. एक टोळी भिंतीशीं, एक पहाऱ्यावर, एक नगारखान्यांत, आणि बाहेर मागील बळ म्हणून फौज. प्रत्येकास आपलें काम ठाऊक होतें. नगारखान्याची युक्ति विशेष मनन करण्याजोगी आहे. शत्रूचेंच वाद्य शत्रूच्याच नांवानें वाजवून त्याची हांक बंद पाडणें, ही गोष्ट ऐन वेळीं सुचली असो वा आधीं ठरलेली असो, बुद्धीची आहे, मनगटाची नव्हे.

चौथें, हेतूविषयीं एकाग्रता. खाफीखान हा शत्रुपक्षाचा लेखक. महाराजांविषयीं त्याची भाषा कडवट आहे. तथापि तोही लिहितो कीं छापा घालणाऱ्यांनीं लुटीचा विचारसुद्धां केला नाहीं. मोगल सुभेदाराच्या वाड्यांत काय काय असेल याची कल्पना करावी. आणि तें सोडून ठरल्या क्षणीं बाहेर पडण्यास मनाचा किती निग्रह लागतो याचाही विचार करावा. पुष्कळ छापे शत्रूच्या शौर्यानें फसत नाहींत, आपल्याच लोभानें फसतात.

पांचवें, परतीची तजवीज. शत्रूच्या गोटांत शिरणें हें अर्धें काम. बाहेर पडणें हें दुसरें अर्धें. महाराज सिंहगडाच्या रोखानें निघून गेले. इंग्रज पत्रांत असें आहे कीं, राजा जसवंतसिंहाचे १०,००० स्वार असूनही ते जागचे हलले नाहींत. म्हणून जसवंतसिंहाची यास संमति असावी असा तेव्हां लोकांत बोलवा होता. दुसऱ्या दिवशीं जसवंतसिंह समाचारास आला, तेव्हां 'शत्रु माझ्यावर चालून आला त्या अर्थीं आपण आधींच लढतां लढतां पडला असाल असें मला वाटलें' अशा अर्थाचा टोमणा खानानें त्यास मारल्याचें सांगतात.

येथें एका लोकप्रिय कथेचा उल्लेख करणें प्राप्त आहे. बैलांच्या शिंगांस पोत बांधून ते कात्रजच्या घाटाकडे पिटाळले, मोगल त्या उजेडामागें धांवले, आणि महाराज दुसऱ्या वाटेनें निसटले, ही गोष्ट आमच्या वाचकांनीं आजीच्या तोंडून ऐकली असेल. 'कात्रजचा घाट दाखविणें' हा वाक्प्रचार आपल्या भाषेंत त्यामुळेंच रूढ आहे. गोष्ट मोठी गोड आहे. परंतु प्रसंगानंतर आठ दिवसांत लिहिलेल्या पत्रांत पाठलाग झालाच नाहीं असें असल्यामुळें ती इतिहास म्हणून न सांगतां लोककथा म्हणून सांगावी. वाक्प्रचार खुशाल वापरावा. दाखला म्हणून मात्र तो देऊं नये.

५. परदेशांतील एक तुलना

हीं कारणें केवळ एका रात्रीचीं कीं अशा सर्व कामगिऱ्यांचीं, हें पाहण्यासाठीं पावणेतीनशें वर्षें पुढें येऊं. दुसऱ्या महायुद्धांत नॉर्वे देश १९४० पासून जर्मनांच्या ताब्यांत होता. तेथें र्युकान गांवाजवळ वेमोर्क येथें एका खोल दरीच्या कडेवर मोठा कारखाना होता, व त्यांत 'जड पाणी' नांवाचा दुर्मिळ द्रव तयार होई. अणुशक्तीच्या संशोधनासाठीं जर्मन शास्त्रज्ञांस तो हवा होता. १९४२ च्या नोव्हेंबरांत ब्रिटिश सैनिकांस ग्लायडर विमानांतून तेथें उतरविण्याचा प्रयत्न झाला. ग्लायडर कोसळले, आणि जे जिवंत राहिले त्यांस जर्मनांनीं ठार केलें.

त्यानंतर काम नॉर्वेच्याच तरुणांवर सोंपविण्यांत आलें. त्यांचा नायक योआकिम रोनेबर्ग. तो परिसर त्यांच्यापैकीं कांहींच्या पायांखालचा होता. आणि कारखान्याच्या रचनेंत ज्याचा हात होता तो शास्त्रज्ञ लाइफ ट्रॉनस्टाड लंडनहून त्यांस माहिती पुरवीत होता. दरीवरील झुलत्या पुलावर पहारा होता, म्हणून १९४३ च्या फेब्रुवारीच्या २७ तारखेच्या रात्रीं ते पूल टाळून बर्फाच्छादित दरींत उतरले व पलीकडचा कडा चढून गेले. दोघे जण तारा नेण्याच्या अरुंद भुयारांतून रांगत आंत शिरले. सुरुंग लावून झाले, आणि इतक्यांत आंतल्या नॉर्वेजियन रखवालदारास आपला चष्मा सांपडेना. तेव्हां तो शोधून देईपर्यंत वात पेटविण्याचें लांबविलें, असें त्यांच्या हकीगतींत आहे. यंत्रें फुटलीं, सुमारें ५०० किलो जड पाणी वाहून गेलें. एक गोळी झाडली गेली नाहीं, एक जीव गेला नाहीं, आणि सर्व जण निसटले.

त्याच पंधरवड्यांत, १९४३ च्या मार्चच्या ९ तारखेच्या रात्रीं, आपल्या शेजारीं गोव्यांतही अशीच एक कामगिरी झाली. मुरगांवच्या बंदरांत 'एरेनफेल्स', 'ब्राउनफेल्स' व 'ड्राखेनफेल्स' हीं जर्मन जहाजें आणि एक इटालियन जहाज आश्रयास होतीं. कारण गोवा पोर्तुगालचा व पोर्तुगाल तटस्थ. 'एरेनफेल्स'वरून बिनतारी यंत्रानें जर्मन पाणबुड्यांस बातम्या जातात असा ब्रिटिशांस संशय होता. कलकत्त्याच्या 'लाइट हॉर्स' व 'स्कॉटिश' या स्वयंसेवक पथकांतील कांहीं इंग्रज, बहुतेक मध्यमवयीन नोकरदार व व्यापारी, 'फीबी' नांवाच्या गाळ वाहणाऱ्या बोटींतून बंदरांत शिरले. झटापटींत 'एरेनफेल्स'चा कप्तान मारला गेला, आणि जर्मनांनीं स्वतःच आपलीं जहाजें बुडविलीं. तटस्थ बंदराचा भंग झाल्यामुळें ही गोष्ट गुप्त ठेवण्यांत आली. १९७८ सालापर्यंत ती जगापुढें आली नाहीं.

पुण्याचा वाडा, नॉर्वेचा कारखाना व गोव्याचें बंदर यांत देश, काल व हत्यारें यांचें कांहींच साम्य नाहीं. परंतु थोडीं माणसें, नेमकी माहिती, पहारेकऱ्यास अनपेक्षित असा मार्ग व लुटीचा मोह नसणें, हीं तत्त्वें तींच आहेत.

६. परिणाम व मर्यादा

छाप्याचा परिणाम मोठा झाला. लाखोंच्या खर्चानें पोसलेल्या फौजेच्या मध्यभागीं सेनापति आपल्या शयनगृहांतही सुरक्षित नाहीं, हें सर्वांस दिसलें. खान पुणें सोडून औरंगाबादेस गेला; बादशहाची मर्जी खप्पा होऊन त्याची बंगालच्या सुभ्यावर बदली झाली व दख्खनेंत शाहजादा मुअज्जम आला. छाप्यानंतर नऊ महिन्यांनीं, १६६४ च्या जानेवारींत, महाराज सुरतेवर चालून गेले. जसवंतसिंहानें सिंहगडास घातलेला वेढाही निष्फळ ठरला.

तथापि छाप्यानें युद्ध संपत नाहीं, हेंही तितकेंच खरें. पुढें १६६५ सालीं मिर्झाराजा जयसिंह आला, आणि पुरंदरच्या तहान्वयें महाराजांस २३ किल्ले द्यावे लागले. जी मोगल सत्ता खानाच्या पराभवानें चकित झाली होती तीच अधिक सावध सेनापति पाठवूं शकली. शिवाय शाइस्तेखान हा नालायक मनुष्य होता असेंही समजूं नये. याच खानानें पुढें बंगालमध्यें दीर्घकाळ कारभार केला आणि १६६६ सालीं चितगांव जिंकलें. प्रतिपक्ष मूर्ख होता म्हणून महाराज जिंकले असें म्हणणें म्हणजे महाराजांचेंच कर्तृत्व कमी लेखणें होय. खान शहाणा होता, त्यानें परवान्यांचा कडक नियम केला होता, बुजवावयाचें दार बुजविलें होतें. चुकला तो एकाच ठिकाणीं. घरच्या नोकरानें सांगितलेली गोष्ट त्यानें ऐकून घेतली नाहीं. लहान माणसाच्या तोंडून आलेली मोठी बातमी मोठ्या माणसास पटत नाहीं. आणि कित्येक मोठे पराभव या एका छिद्रांतून आंत येतात.

७. एक विचार

शेवटीं एका कठीण गोष्टीकडे वळणें अवश्य आहे. त्या रात्रीं जनानखान्यांतील स्त्रियाही मारल्या गेल्या व जखमी झाल्या. इंग्रज पत्र व फारसी ग्रंथ दोन्हींत तसें आहे. आचारी हे कांहीं लढवय्ये नव्हते. अबुल फतह बापाच्या रक्षणास धांवला, हें कोणत्याही पुत्रास भूषणावहच होय. आपल्या पक्षाचा विजय वाचतांना हीं वाक्यें गाळावीं असें कोणास वाटेल. आम्हांस तसें वाटत नाहीं. शत्रूच्या स्त्रियांस व लेंकरांस उपद्रव देऊं नये अशी महाराजांची शिस्त होती, आणि त्यांची ती कीर्ति शत्रुपक्षाच्या खाफीखानानेंही नमूद केली आहे. तरीही काळोखांत, अनोळखी पडद्यांमधून चालणाऱ्या तलवारीस समोर कोण आहे हें दिसत नाहीं. रात्रीचा छापा घालणें म्हणजे ही जोखीम पत्करणें आहे. वेमोर्कच्या तरुणांस ती टाळतां आली, कारण त्यांचें लक्ष्य यंत्र होतें. लाल महालांत लक्ष्य मनुष्य होता, आणि मनुष्याच्या भोंवतीं त्याचें घर असतें. ज्यानें देशावर तीन वर्षें संकट आणिलें त्याच्यावर चालून जाणें न्याय्य होतें असें आम्ही मानतों. परंतु न्याय्य युद्धाचीही किंमत असते व ती पुष्कळदां निरपराधांस द्यावी लागते, हें जाणणारा विद्यार्थीच इतिहास खऱ्या अर्थानें वाचतो. ज्यास पूर्वजांवर प्रेम आहे त्यास पूर्ण सत्य सोसण्याचें बळही असलें पाहिजे.

आतां आरंभींच्या प्रश्नाकडे पाहूं. त्या रात्रीं धाडस होतें, यांत संशय नाहीं. परंतु धाडस हा सर्वांत शेवटचा पदार्थ होता. त्याच्या आधीं माहिती, निवड, वांटणी, वेळ, संयम व परतीची वाट हीं सर्व जमा झालीं होतीं. तयारीवांचून उडी घेणाऱ्यास आपली भाषा अविचारी म्हणते. पूर्ण तयारीनंतरही जो उडी घेत नाहीं त्यास भित्रा म्हणते. या दोहोंच्या मधली जी जागा, तिचें नांव पराक्रम. आमचे विद्यार्थी परीक्षेच्या मंडपांत जावोत, रणांगणावर जावोत कीं एखाद्या रोगाच्या सांथींत सेवेस जावोत, ती जागा त्यांस ओळखतां यावी एवढीच आमची इच्छा आहे.

अभ्यासासाठीं प्रश्न

(१) लाल महालाच्या छाप्याविषयींचीं तीन साधनें कोणतीं? त्यांत कोणत्या गोष्टींविषयीं एकमत व कोणत्या गोष्टींविषयीं भेद आहे तें लिहा.

(२) चैत्र शुद्ध अष्टमी व रमजान महिना या दोन गोष्टींचा छाप्यास काय उपयोग झाला असेल तें स्पष्ट करा.

(३) नगारखान्यांतील युक्तीचें वर्णन आपल्या शब्दांत करा.

(४) वेमोर्क येथील कामगिरी व लाल महालाचा छापा यांत साम्य काय व भेद काय?

(५) 'कात्रजचा घाट दाखविणें' या वाक्प्रचाराचा अर्थ सांगून त्याचा वाक्यांत उपयोग करा, आणि त्यामागील कथा इतिहास म्हणून कां स्वीकारूं नये तें लिहा.

(६) शनिवारवाड्यापासून लाल महालापर्यंत घरच्या वडील माणसांसमवेत पायीं जा. १६६३ सालीं या वाटेवर काय नव्हतें, याची यादी करा.